बेसमेंटमधली इटालियन बाई

काकांच्या बेसमेंटमध्ये एक इटालियन बाई मराठी बोलायची, आणि तेही साताऱ्याकडचं. पडद्यावर ती काळा कोट घालून धुक्यातल्या रस्त्यावर उभी असायची, ओठ हलवायची, आणि पडद्याशेजारी स्टुलावर बसलेले आमचे काका आवाज बारीक करून म्हणायचे, "नको हो, जाऊ दे मला आता. घरी दूध तापत ठेवलंय." त्या सिनेमात दूध कुठेच नव्हतं. पण काकांचं म्हणणं असं की बाई घाईत असली की तिचं दूध तापत असणारच, मग ती इटलीत असो की कोरेगावात.

सबटायटल्सचा त्यांना मनापासून राग. "वाचायचं असेल तर पुस्तक घ्या ना. इथे माणसांच्या तोंडाकडे बघा," म्हणायचे. त्यामुळे अमेरिकेतल्या नोव्हाय गावच्या आम्हा मराठी लोकांना तो जुना काळापांढरा सिनेमा काकांच्याच तोंडून ऐकावा लागायचा. बाई, तिचा नवरा, तिचा तो दुसरा माणूस, पाववाला, स्टेशनमास्तर, सगळे काका. पाववाल्याला ते उगाच जास्त वेळ बोलायला लावायचे, कारण तो त्यांना आवडायचा.

काका, म्हणजे गावातल्या सगळ्याच मराठी लोकांचे काका, मोटारींच्या सीटा डिझाइन करायचे. इंजिन नाही, गिअर नाही, नुसती सीट. सगळी नोकरी त्यांनी माणसाच्या बुडाचा आणि पाठीचा विचार करण्यात घालवली आणि त्याचा त्यांना जबर अभिमान. कुणाच्याही घरी गेले की आधी खुर्ची उलटी करून बघणार. आमच्याकडे पहिल्यांदा जेवायला आले तेव्हा अनघानं, म्हणजे माझ्या बायकोनं, हौसेनं घेतलेल्या डायनिंगच्या खुर्चीवर बसले, उठले, परत बसले आणि म्हणाले, "पाहुण्यांनी लवकर जावं म्हणून घेतल्यात का गं या?" अनघा इतकी हसली की तिच्या हातातली कोशिंबीर सांडली. पुढच्या महिन्यात काका स्वतः फोम कापून आणून त्या खुर्च्यांना गाद्या लावून गेले. सांगितलं नव्हतं कुणी. फोन करून येणं वगैरे भानगड त्यांच्याकडे नव्हतीच.

त्यांची एक थिअरी होती. कंपनीत म्हणे माणसांना सीटवर तासन्‌तास बसवून ठेवायचे आणि ती किती चुळबुळ करतात ते बघायचे. "नवीन पोरांना वाटायचं, चुळबुळ कमी म्हणजे सीट चांगली. साफ चूक," काका सांगायचे. "जो चुळबुळ करत नाही तो एक तर झोपलाय नाही तर मेलाय. जित्या माणसाला हलावंसं वाटणारच. त्याला हलता आलं पाहिजे आणि हलून झाल्यावर परत नीट बसता आलं पाहिजे. ही झाली सीट." हे ते सीटबद्दल बोलतायत असं मी बरीच वर्षं धरून चाललो होतो.

तरुणपणी कंपनीनं त्यांना वर्षभर इटलीतल्या तुरिनला पाठवलं होतं. तिथल्या कारखान्यात ते इटालियन शिकले, तेही कामगारांकडून, त्यामुळे शिव्या उत्तम. अंगणात खारी आल्या की काका डेकवर उभे राहून त्यांना अस्खलित इटालियनमध्ये त्यांच्या आईबापांवरून बोलायचे. शेजारची अमेरिकन म्हातारी समजायची की हे संस्कृत श्लोक आहेत, आणि हात जोडायची. कॉफीसुद्धा ते इटालियन भांड्यात करायचे, पण वरून गूळ आणि जायफळ घालून. कुठल्याही इटालियनानं ती कॉफी प्यायली असती तर त्यानं पोलिसात तक्रार केली असती.

सिनेमा त्यांनी तुरिनमध्येच पाहिला होता. पुढे कुणाकडून तरी त्याची डिस्क मागवली. गोष्ट अगदी साधी. कारखान्यातल्या एका सुपरवायझरची बायको. नवरा चांगला आहे, मारत नाही, पीत नाही, पण तो घरात असला काय नि नसला काय, सारखंच. तिचा जीव कशात लागत नाही. खिडकीत उभी राहते, उगाच ट्राममध्ये बसून शेवटच्या स्टॉपपर्यंत जाऊन येते. मग दाढ दुखते म्हणून एका डेंटिस्टकडे जाते, आणि त्या डेंटिस्टच्या प्रेमात पडते.

आता हा सिनेमा काकांनी इथल्या मराठी मंडळाच्या हळदीकुंकवाला दाखवला.

त्यांची एकट्याची चूक नव्हती. आमच्याकडे हळदीकुंकू म्हणजे भर जानेवारीत, बाहेर गुडघाभर बर्फ, बायका काठापदराच्या साड्यांवर स्नो बूट घालून येणार. मंडळाच्या अध्यक्षबाईंनी काकांना विचारलं, "काका, तुमच्या इटलीची काही फिल्म असेल तर दाखवा ना. बायकांना जरा चेंज." त्यांच्या डोक्यात चर्च, कारंजी, फार तर पिझ्झा. काकांकडे इटलीची फिल्म एकच. ते प्रोजेक्टर, स्टूल आणि माइक घेऊन हजर झाले. खुर्च्या मांडायला मी आणि अजून दोघं-तिघं होतो, म्हणून आम्हीही मागे उभे राहिलो.

पहिला अर्धा तास बरा गेला. मग बाई डेंटिस्टच्या घरी गेली आणि दार बंद झालं. समोर शंभरेक सवाष्णी, हातात वाण. काका क्षणभर थांबले आणि माइकमध्ये म्हणाले, "इथे ते तिची दाढ बघतात." पडद्यावर जे चाललं होतं त्यात दाढेचा फारसा संबंध नव्हता. दोन मिनिटांनी काका म्हणाले, "दाढ जरा किडलेली असते." मागून नागपूरच्या एक काकू म्हणाल्या, "काका, रूट कॅनल दिसते." झालं. हॉलमध्ये जो हशा उसळला तो थांबेचना. अध्यक्षबाई लाल होऊन प्लग शोधायला लागल्या, तर पुढच्या रांगेतल्या बायका त्यांना म्हणाल्या, "थांबा हो जरा. ती परत येते का नाही ते तर बघू."

त्यांनी शेवटपर्यंत सिनेमा पाहिला. तिळगूळ बाजूलाच राहिला आणि वादावादी सुरू झाली. कुणी म्हणे, तिला काय कमी होतं? कुणी म्हणे, नवऱ्यानं कधी मान वर करून बघितलं का तिच्याकडे? अनघा गाडीत बसल्यावरही बराच वेळ गप्प होती. मी म्हणालो, काका पण ना, ग्रेट आहेत यार. ती म्हणाली, "हो, ग्रेटच." मंडळातल्या पुरुषांना पुढचा आठवडाभर घरी नाही नाही त्या प्रश्नांची उत्तरं द्यावी लागली म्हणतात. मला कुणी काही विचारलं नाही, त्यामुळे मी खुशीत होतो.

त्या दिवशी एकच बाई हॉलमध्ये नव्हती, ती म्हणजे काकू. त्या बाहेर पॅसेजमध्ये टेबल मांडून उशिरा येणाऱ्या बायकांना हळदीकुंकू लावत होत्या. घरीसुद्धा काका खाली सिनेमा लावायचे तेव्हा काकू वर स्वयंपाकघरात असायच्या. साबुदाणे वडे तळून वरूनच हाक मारायच्या, "कुणीतरी येऊन घेऊन जा रे." बेसमेंटच्या पायऱ्या त्यांच्या गुडघ्याला झेपत नाहीत, असं आम्ही आमचं ठरवून टाकलं होतं. लॉन्ड्रीसाठी मात्र त्या रोज खाली जात.

गेल्या वर्षी पानगळीच्या सुमारास अनघानं मला सांगितलं. आमच्याच किचनमध्ये, भांडी डिशवॉशरमध्ये लावता लावता. तिच्या ऑफिसमधला एक जण. काही महिने चाललं होतं, आता तिनंच थांबवलंय, पण न सांगता राहवत नाही, असं ती म्हणाली. मी बॅग भरली आणि फ्रीवेलगतच्या एका हॉटेलात जाऊन राहिलो. तिथे मी नुसता पडून असायचो. मीटिंगा कॅमेरा बंद ठेवून करायचो. लाज वाटत होती, संताप होता, आणि सगळ्यात वाईट म्हणजे तिची आठवण येत होती.

चार-पाच दिवसांनी दारावर टकटक झाली. काका. अनघानं त्यांना फोन केला होता हे मला नंतर कळलं. आत आले, माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही, सरळ पलंगावर बसून गादी दाबून बघितली. "छे छे. या असल्या गादीवर पाठ जाईल तुझी. चल." बस्स. कुठे, का, काही नाही. माझी बॅग त्यांनीच उचलली, माझी गाडी उद्या आणू म्हणाले. त्यांच्या गाडीत बसलो तेव्हा माझी सीट आधीच गरम करून ठेवलेली होती, आणि मला इतकं भरून आलं की मी खिडकीतून बाहेर बघत राहिलो.

त्यांच्या घरी राहायला लागलो, पण काकांनी मला काहीही विचारलं नाही. आठवडा गेला, दुसरा गेला. सकाळी जायफळाची कॉफी, दुपारी आपापली कामं, संध्याकाळी खारींना शिव्या. काकू तेवढं विचारायच्या, "पोळी अजून एक घेशील ना?" आणि माझ्याकडे जरा जास्त वेळ बघायच्या. मग एका रविवारी जेवण झाल्यावर काका म्हणाले, "खाली ये." प्रोजेक्टर लावलेला होता. मी म्हणालो, "काका, आज नको हो." ते स्टुलावर बसत म्हणाले, "आज दाढ नाही. आज जे आहे ते."

आणि खरंच, त्या दिवशी त्यांनी आवाज बारीक केला नाही, पाववाल्याला फालतू बोलायला लावलं नाही. जे होतं ते सांगितलं. त्या बाईला किती एकटं वाटतं, डेंटिस्टबरोबर ती कशी फुलते, त्याच्याकडून परतताना ट्राममध्ये तिला स्वतःचीच कशी घृणा येते, आणि तरी दुसऱ्या दिवशी ती परत कशी जाते. मला तिचा राग यायला हवा होता. मी मुठी आवळून बसलो होतो. शेवटी ती बॅग घेऊन स्टेशनवर जाते, गाडी येते, गाडी जाते, आणि ती घरी येते. नवरा जेवायला बसलेला असतो. तो तिच्याकडे बघतो, उठतो, कपाटातून दुसरं ताट काढून मांडतो. ती बसते. सिनेमा संपतो.

दिवा लावून काका म्हणाले, "तुरिनला होतो तेव्हा मी दर रविवारी घरी फोन करायचो. काकू इथे, मुलगी चार-पाच वर्षांची, गाडी चालवता येत नाही, थंडीत चार भिंतींत कोंडलेली. शेजारी एक पोलिश माणूस होता, शाळेत शिकवायचा. तो तिला गाडी शिकवायला लागला. एका रविवारी फोन मुलीनं घेतला. मागून काकूचं हसणं ऐकू आलं. अरे, आमच्या लग्नाला इतकी वर्षं झाली होती, मी ती बाई तशी हसताना कधी ऐकली नव्हती. मला तेवढ्यावरून कळलं."

काका डिस्क पुसत होते.

"फोन ठेवला आणि थिएटरात जाऊन बसलो, थंडी होती म्हणून. तर समोर हे. त्या बाईला शिव्या द्याव्यात म्हणून गेलो आणि पोरासारखा रडत बाहेर आलो. त्या नवऱ्यानं बघ, एक शब्द विचारला नाही. ताट मांडलं. मी म्हटलं, आपणही तसंच करायचं. परत आलो. तोवर तो पोलिश गाव सोडून गेला होता. मी तिला आजतागायत विचारलेलं नाही. एका शब्दानं नाही." त्यांचा आवाज अभिमानानं भरून आला होता. "तूही जा. जेवायला बस. विचारू नकोस काही."

माझ्या डोक्यावरचं ओझंच उतरलं. हे मला जमण्यासारखं होतं. अनघाचा रोज मेसेज यायचा, घरी ये, बोलू या. त्या बोलण्याचीच मला धास्ती होती. आता बोलायचंच नाही, नुसतं मोठ्या मनानं जेवायला बसायचं. मी तिला लिहून टाकलं, शनिवारी येतो.

शनिवारी दुपारी बॅग घेऊन स्वयंपाकघरात आलो तेव्हा काका लायब्ररीत गेले होते. काकू कणीक मळत होत्या. मी नमस्कार केला आणि जरा फुशारकीनंच म्हणालो, "काकू, मी ठरवलंय, तिला काही विचारणार नाही. काकांनी सांगितलं मला सगळं."

काकूंचा हात थांबला. "सगळं म्हणजे?"

मला जीभ चावावीशी वाटली. पण त्यांनी माझ्या तोंडाकडे बघून ओळखलं असावं. त्या पुन्हा कणीक मळायला लागल्या. मळता मळता म्हणाल्या, "लोक म्हणतात, मोठ्या मनाचे आहेत. आहेतच. मला कधी टोचून बोलले नाहीत, वाईट वागवलं नाही. पण अरे, हे तुरिनहून आले त्या दिवशी मी जीव मुठीत धरून बसले होते, आता विचारतील. विचारलं नाही. म्हटलं, उद्या विचारतील. रोज वाट बघायचे. सगळं सांगायची तयारी होती माझी, शिव्या खायची तयारी होती. हे येऊन ताट मांडायचे."

"पण काकू, सिनेमात..."

"सिनेमा तिथे संपला," काकू म्हणाल्या. "मला पुढे सगळा जन्म काढायचा होता." त्यांनी हात धुतले, पदराला पुसले. "ह्यांना वाटतं, माफ केलं. मला वाटत राहिलं, ह्यांना माझं काही ऐकायचंच नाही. मी का गेले होते, का थांबले, काहीच नाही. जगाला तेवढी ती बाई दाखवत बसतात. तू असं करू नकोस बाबा. भांड, आदळआपट कर, पण विचार तिला."

मी ड्राइव्ह करत घरी गेलो तो काकांवर चिडत, काकूंवर चिडत आणि स्वतःवर सगळ्यात जास्त. सोपा रस्ता मिळाला होता, तोही हातचा गेला. अनघानं दार उघडलं. ती वाळली होती. तिनं वरणभात केला होता, ताटं मांडलेली होती. मी उभाच राहिलो. म्हणालो, "काय काय झालं ते सांग मला."

ती म्हणाली, "खरंच ऐकायचंय तुला?"

"नाही," मी म्हणालो. "पण सांग."

ती सांगायला लागली. वरण गार झालं. काही ठिकाणी मी ओरडलो, एकदा उठून गाडीत जाऊन बसलो आणि परत आलो. हळदीकुंकवाच्या दिवशी गाडीत ती का गप्प होती तेही त्यात आलं. मी ते तेव्हाच का विचारलं नाही, असं तिनं मला विचारलं. ते सगळं इथे लिहीत नाही. आम्ही अजून एकत्र आहोत आणि भांडतो बऱ्यापैकी.

त्यानंतरच्या आठवड्यात काकांचा फोन आला. त्यांना फोन करताना पहिल्यांदाच ऐकत होतो मी. "काय रे, जेवलास ना नीट?" म्हणाले.

"जेवलो काका. पण विचारलं मी तिला."

काका जरा दुखावलेल्या आवाजात, "मी सांगितलं होतं ना तुला, विचारू नकोस म्हणून?"

"काकूंनी सांगितलं, विचार म्हणून."

"तिनं? ती काय म्हणाली?"

मी जरा घुटमळलो. पण ह्या माणसानं माझी सीट गरम करून ठेवली होती, त्याच्याशी खोटं बोलवेना. म्हणालो, "म्हणाल्या, त्यांना सांगायचं होतं. रोज वाट बघायच्या, तुम्ही विचाराल म्हणून."

पलीकडून काकांचा श्वास तेवढा ऐकू येत होता. एरवी एका वाक्याला चार उत्तरं देणारा माणूस. मला वाटलं, झालं, या वयात मी त्यांच्या संसारात बिब्बा घातला. मग स्टूल सरकल्याचा आवाज आला आणि काका पायऱ्या चढून वर जात असल्याचं कळलं, एकेक, सावकाश. फोन हातातच होता त्यांच्या. स्वयंपाकघरातल्या नळाचा आवाज जवळ आला.

"अगं," काका म्हणाले. आवाज त्यांचा स्वतःचा होता, पण मी तो ओळखला नसता. "मी तुरिनला होतो तेव्हाचं... काय झालं होतं गं? मला सांगतेस?"

नळ बंद झाला. मी कान फोनला चिकटवून उभा होतो, आणि फोन बंद करायला हवा हे मला सुचतच नव्हतं.

"सांगते," काकू म्हणाल्या. "आधी तो फोन ठेवा."